फायनलचा हिशोब : दहा विरुद्ध शून्य

शनिवारची सकाळ. बाहेर पाऊस, हातात चहा आणि डोक्यात एक आकडा. आठवडाभर ऑफिसमध्ये एका अमेरिकन क्लायंटशी कॉल चालू होते. कॉल सुरू व्हायच्या आधी जी पाच मिनिटं इकडच्या-तिकडच्या गप्पांची असतात, त्यात तो गृहस्थ मला अमेरिकन फुटबॉल शिकवतो आणि मी त्याला क्रिकेट. या आठवड्यात त्यानं मला टॉम ब्रेडीचं प्लेऑफचं रेकॉर्ड ऐकवलं. ३५ विजय, १३ पराभव. वर विचारलं, "तुमच्याकडे असा कोणी आहे का?"

मी म्हटलं, आहे. त्याचं फायनलचं रेकॉर्ड १० विरुद्ध ० आहे.

पलीकडे शांतता. मग तो म्हणाला, असं होऊच शकत नाही.

होऊ शकतं. त्या माणसाचं नाव वसीम जाफर. आणि त्या दहातले शेवटचे दोन विजय विदर्भाच्या टोपीत आहेत, म्हणजे आमच्या. (आता 'आमच्या' म्हणावं की नाही, यावरून आमच्या घरात झालेलं भांडण पुढे येईलच.)

आधी क्वार्टरबॅक म्हणजे काय ते

ज्यांना माहीत आहे त्यांनी हा परिच्छेद सोडून द्या. अमेरिकन फुटबॉलमध्ये प्रत्येक चाल ज्याच्या हातून सुरू होते तो क्वार्टरबॅक. चेंडू त्याच्याकडे येतो, कोणाकडे फेकायचा ते तो दोन-तीन सेकंदांत ठरवतो, आणि तेवढ्या वेळात समोरचे सव्वाशे किलोचे चार-पाच गडी त्याच्या अंगावर येत असतात. तिकडची गंमत अशी की संघाची हार-जीत या एका माणसाच्या नावावर लिहितात. आपल्याकडे फार तर कर्णधाराच्या नावावर लिहितो. तिकडे बचावफळीनं घाण केली तरी पराभव क्वार्टरबॅकच्या खात्यात.

प्लेऑफ म्हणजे साखळी संपल्यावरचे बाद फेरीचे सामने. हरलात की घरी. शेवटचा सामना म्हणजे सुपर बोल. ब्रेडी दहा सुपर बोल खेळला, सात जिंकला, तीन हरला. जो मोंटाना चार खेळला, चारही जिंकला, आणि त्या चार सामन्यांत त्याचा एकही चेंडू प्रतिस्पर्ध्यानं अधांतरी झेलला नाही. दुसऱ्या टोकाला जिम केली. बफेलो बिल्स संघाला घेऊन हा माणूस सलग चार वर्षं सुपर बोलला गेला आणि चारही हरला.

केलीबद्दल ऐकून वाईट वाटलं असेल तर आपलं राजस्थान आठवा. १९६०-६१ ते १९६३-६४, सलग चार वर्षं रणजीची फायनल. चारही वेळा समोर मुंबई, चारही वेळा पराभव. सलीम दुराणी, हनुमंत सिंग अशी माणसं ज्या संघानं दिली तो हा संघ. पुढे १९७३-७४ पर्यंत राजस्थाननं आणखी चार फायनल गमावल्या. मुंबईनं त्या काळात, १९५८-५९ ते १९७२-७३, सलग पंधरा वेळा करंडक नेला होता. बिचाऱ्यांचा जन्मच चुकीच्या दशकात झाला म्हणायचं.

जाफरच्या दहा फायनल

आता मूळ यादी. मला यादी केल्याशिवाय काही कळत नाही, इंजिनिअरिंगची खोड आहे.

१) १९९६-९७, दिल्ली, ग्वाल्हेर. मुंबई पहिल्या डावाच्या आघाडीवर.
२) १९९९-२०००, हैदराबाद, वानखेडे. मुंबई २९७ धावांनी.
३) २००२-०३, तामिळनाडू, वानखेडे. मुंबई १४१ धावांनी.
४) २००३-०४, तामिळनाडू, चेन्नई. मुंबई पहिल्या डावाच्या आघाडीवर.
५) २००६-०७, बंगाल, वानखेडे. मुंबई १३२ धावांनी.
६) २००८-०९, उत्तर प्रदेश, हैदराबाद. मुंबई २४३ धावांनी. कर्णधार जाफर.
७) २००९-१०, कर्नाटक, म्हैसूर. मुंबई ६ धावांनी. कर्णधार पुन्हा जाफर.
८) २०१२-१३, सौराष्ट्र, वानखेडे. मुंबई एक डाव १२५ धावांनी. जाफर १३२.
९) २०१७-१८, दिल्ली, इंदूर. विदर्भ ९ गडी राखून. जाफर ७८ आणि नाबाद १७.
१०) २०१८-१९, सौराष्ट्र, नागपूर. विदर्भ ७८ धावांनी. जाफर २३ आणि ११.

पहिली फायनल खेळला तेव्हा अठरा-एकोणीस वर्षांचा, शेवटची खेळला तेव्हा एक्केचाळिसाव्या वाढदिवसाला काही दिवस बाकी. मध्ये ३१ कसोट्या, रणजीत १२,०३८ धावा, आणि मार्च २०२० मध्ये निवृत्ती.

नाणं उडवून दहाच्या दहा वेळा छापा यायची शक्यता १०२४ मध्ये एक. म्हणजे हे नशीब नाही, हे उघड आहे. पण मग नक्की काय आहे? हा आकडा जाफरबद्दल सांगतो की आणखी कशाबद्दल? मी शनिवार खर्ची घातला तो यासाठी.

पहिली शंका : हे रेकॉर्ड कोणाचं?

मुंबई १९९०-९१ ची फायनल हरली. वानखेडेवर, कपिल देवच्या हरियाणाकडून, फक्त दोन धावांनी. वेंगसरकर नाबाद १३९ वर उभा होता आणि शेवटचा गडी धावबाद झाल्यावर रडला होता. त्यानंतर मुंबई फायनल हरली ती थेट २०१६-१७ मध्ये, गुजरातकडून. या दोन पराभवांच्या मध्ये मुंबई अकरा फायनल खेळली आणि अकराही जिंकली. जाफरच्या आठ त्या अकरांतल्या आहेत.

म्हणजे आठ विरुद्ध शून्य हे मुळात मुंबईचं रेकॉर्ड आहे. ज्या संघात कधी तेंडुलकर, कधी झहीर, कधी आगरकर, कधी उगवता रोहित शर्मा, तो संघ फायनलला दहातल्या नऊ वेळा जिंकेल असं धरा. ०.९ चा दहावा घात केला की जवळपास ३५ टक्के येतात. म्हणजे भल्या संघात बसलेल्या माणसाला दहा-शून्य मिळणं ही काही अचाट गोष्ट उरत नाही. २००८-०९ च्या फायनलमध्ये तेंडुलकर भुवनेश्वर कुमारच्या चेंडूवर शून्यावर गेला, तर रोहितनं दोन्ही डावांत शतक ठोकलं. त्या संघात एक पडला की दुसरा उभाच असायचा.

आणि योगायोग बघा. २०१५-१६ च्या मोसमात जाफर मुंबई सोडून विदर्भाकडे आला. मुंबई फायनल हरली त्याच्या पुढच्याच वर्षी, जानेवारी २०१७ मध्ये, इंदूरच्या होळकर मैदानावर. बरोब्बर वर्षभरानं त्याच मैदानावर विदर्भ फायनल जिंकला आणि संघात जाफर होता. मुंबईतच राहिला असता तर कदाचित त्याच्या शून्याच्या जागी एक आला असता. संघ बदलायची वेळ हासुद्धा रेकॉर्डचा भाग असतो, फक्त तो आकड्यात दिसत नाही.

दुसरी शंका : सेमीफायनल हरणाऱ्याचं काय?

ही शंका मला जास्त आवडते. यात मजा आहे.

जाफरच्या आयुष्यात कर्नाटकविरुद्ध दोन सामने फार थोडक्यात सुटले. पहिला जानेवारी २०१०, म्हैसूर. कर्नाटकला जिंकायला ३३८ हव्या होत्या, मनीष पांडेनं १४४ मारल्या, सारं म्हैसूर मैदानावर लोटलं होतं. आगरकरनं पाच बळी घेतले आणि कर्नाटक ३३१ वर संपला. सहा धावा.

दुसरा डिसेंबर २०१७, ईडन गार्डन्स, सेमीफायनल. विदर्भ पहिल्या डावात १८५. कर्नाटक ३०१. इथेच आम्ही लोकांनी मान टाकली होती. मग विदर्भ ३१३, आणि कर्नाटकला जिंकायला १९८. रजनीश गुरबाणीनं सात बळी घेतले आणि कर्नाटक १९२ वर बाद झाला. पाच धावा.

आता समजा दोन्हीकडे एकेक चौका-षटका जास्त गेला असता. म्हैसूरला हरला असता तर रेकॉर्ड ९-१ झालं असतं, 'अपराजित' हा शब्द गेला असता. पण कोलकात्याला हरला असता तर? मग विदर्भ फायनलला पोचलाच नसता, आणि जाफर राहिला असता ९-०. अपराजितच! म्हणजे आधीच्या फेरीत हरणं हे फायनलच्या रेकॉर्डला चालतं. उलट फायनलपर्यंत येऊन हरणं हा डाग. हे कसलं गणित?

मोंटानाचंही तेच. सुपर बोलमध्ये ४-०, पण एकूण प्लेऑफमध्ये १६-७. ते सात पराभव फायनलच्या आधी झाले म्हणून कोणाच्या लक्षात राहत नाहीत. ब्रेडी तीन सुपर बोल हरला याची आठवण त्याचे टीकाकार अजून करून देतात. आणि पेटन मॅनिंग नावाचा महान खेळाडू नऊ वेळा प्लेऑफच्या पहिल्याच सामन्यात घरी गेला, म्हणून त्याचं रेकॉर्ड १४-१३ दिसतं. पण ज्याचा संघ प्लेऑफला पात्रच ठरला नाही, त्याच्या नावावर त्या वर्षी एकही पराभव नाही. परीक्षेला न बसणारा नापास होत नाही, तसं.

हे मी पहिल्यांदा शिकलो ते आकडेशास्त्राच्या पुस्तकात नाही, तर परतवाड्याच्या एका दुकानात. माझा मामेभाऊ, त्याला मी दादा म्हणतो, अचलपूर-परतवाड्याच्या पंचक्रोशीतला सर्वांत फास्ट बॉलर होता. निदान आम्हाला तरी तसं वाटायचं. टेनिस बॉल, मॅटिंग, काहीही द्या. निवड चाचण्यांसाठी आधी अमरावती, मग नागपूर. अचलपूरहून नागपूर म्हणजे दोनशे किलोमीटरच्या आसपास, पहाटेची एसटी, किट मांडीवर. दोन-तीन वर्षं हेलपाटे घातले आणि मग एक दिवस तो दुकानात बसायला लागला. कोणी अन्याय केला असं तो कधीच म्हणाला नाही. एकदा मी त्याला चिडवायला विचारलं, दादा, तुझं फायनलचं रेकॉर्ड काय? वजन करता करता, मान वर न करता म्हणाला, "मी त एकबी फायनल हारलो नाई बे. तिथलोक पोचलोच नाई, त हारतो कुठून?"

शून्य विरुद्ध शून्य. अपराजित.

तिसरी शंका : जिंकणारा चांगला खेळलाच पाहिजे का?

इथे ब्रेडी आणि जाफर यांच्या पत्रिका विलक्षण जुळतात. ब्रेडीचा जन्म ऑगस्ट १९७७, जाफरचा फेब्रुवारी १९७८. दोघंही दहा-दहा फायनल खेळले. दोघांनीही उतारवयात गादी सोडून दुसऱ्या घरी संसार मांडला. ब्रेडी २०२० मध्ये न्यू इंग्लंड सोडून टँपा बेला गेला. तो संघ २००७ च्या मोसमानंतर प्लेऑफलासुद्धा पोचला नव्हता. पहिल्याच मोसमात त्यांनी सुपर बोल जिंकला.

आता दोन तारखा. ४ फेब्रुवारी २०१८, सुपर बोल. ब्रेडीनं ५०५ यार्डांचे पास फेकले. सुपर बोलच्या इतिहासात तोवर एवढे कोणीच फेकले नव्हते. आणि हरला, ४१-३३. बरोबर वर्षानं, ३ फेब्रुवारी २०१९, पुन्हा सुपर बोल. ब्रेडीचा एकही टचडाउन पास नाही, एक चेंडू प्रतिस्पर्ध्यानं पळवला, सामना इतका रटाळ की एकूण सोळाच गुण झाले. आणि जिंकला, १३-३. रेकॉर्डच्या वहीत पहिला पराभव, दुसरा विजय. वहीला बाकी काही कळत नाही.

त्याच ३ फेब्रुवारी २०१९ ला इकडे नागपूरला जामठ्यावर विदर्भ-सौराष्ट्र फायनल सुरू झाली. जाफर २३ आणि ११. दहाव्या फायनलमध्ये मिळून ३४ धावा! सामना काढला तो आदित्य सरवटेनं. पहिल्या डावात पाच बळी, दुसऱ्यात सहा, आणि मध्ये बॅटनं ४९. चेतेश्वर पुजारा म्हणजे भारताची भिंत, नुकताच ऑस्ट्रेलियात मालिका गाजवून आलेला. सरवटेनं त्याला १ आणि ० वर काढला. यवतमाळ जिल्ह्यातला अक्षय कर्णेवार, जो दोन्ही हातांनी फिरकी टाकतो, त्यानं पहिल्या डावात नाबाद ७३ करून विदर्भाला तीनशेपार नेलं. नाही तर आघाडी गेलीच होती. आघाडी किती मिळाली? ३१२ विरुद्ध ३०७. पाच धावा. पुन्हा पाच!

म्हणजे दहावा विजय जाफरचा नव्हता का? थांबा. त्याच मोसमात त्याच्या १०३७ धावा होत्या, सरासरी ६९. उत्तराखंडविरुद्धच्या क्वार्टरफायनलमध्ये २०६. सेमीफायनल उमेश यादवनं वायनाडला केरळचे बारा बळी घेऊन दोन दिवसांत संपवली. फायनलपर्यंतची गाडी जाफरनं ओढली, उमेशनं ढकलली, आणि शेवटच्या फलाटावर सरवटेनं लावली. 'फायनलचं रेकॉर्ड' फक्त शेवटच्या फलाटाचा फोटो काढतं.

याच्या उलट अक्षय वाडकर. २०१७-१८ च्या फायनलला यष्टिरक्षक, शतक (१३३) आणि विजय. २०१८-१९ ला पुन्हा विजय. मार्च २०२४ ला वानखेडेवर मुंबईविरुद्ध कर्णधार. पहिल्या डावात विदर्भ १०५ वर आडवा. चौथ्या डावात जिंकायला ५३८, म्हणजे अशक्यच. पण हा उभा राहिला, १०२ केल्या, करुण नायर आणि हर्ष दुबेला घेऊन सामना पाचव्या दिवसापर्यंत नेला. विदर्भ ३६८, पराभव १६९ धावांनी. पुढच्या वर्षी, २ मार्च २०२५ ला, नागपूरला केरळविरुद्ध पहिल्या डावाच्या आघाडीवर तिसरा करंडक. दानिश मालेवार १५३, करुण नायरचं शतक, आणि मोसमात ६९ बळी घेऊन विक्रम करणारा दुबे. वाडकरचं रेकॉर्ड : ३-१.

मला विचाराल तर त्या '१' मधली १०२ ही त्याची सर्वांत मोठी खेळी. पण रेकॉर्डच्या भाषेत ती उणे बाजूला आहे, आणि जाफरच्या ३४ धावा अधिक बाजूला.

मग जाफरनं केलं काय?

इतकं सगळं झाल्यावर वाटेल की मी जाफरला खाली खेचतोय. उलट आहे. आठ-शून्य मुंबईचं मानलं, तर उरलेलं दोन-शून्य जास्त मोठं होतं.

विदर्भ रणजीत १९५७-५८ पासून खेळतोय. साठ वर्षांत एकदाही फायनल नाही. आमच्याविरुद्ध खेळणं म्हणजे सहज गुण, अशी ख्याती. हळूहळू काही बदललं होतं : नागपूरला अकादमी उभी राहिली, जामठ्याचं मैदान झालं, २०१७ मध्ये चंद्रकांत पंडित प्रशिक्षक म्हणून आले. पंडितांचं स्वतःचं दुःख वेगळंच. १९९८-९९ ला मध्य प्रदेशचा कर्णधार म्हणून ते बंगळुरूला फायनल हरले होते, ते शल्य काढायला त्यांना २०२२ पर्यंत थांबावं लागलं. त्याच मैदानावर, त्याच मध्य प्रदेशचे प्रशिक्षक म्हणून जिंकल्यावर ते रडले. असो, ती वेगळी गोष्ट.

जाफरनं त्या २०१७-१८ च्या मोसमात ५९५ धावा केल्या. व्यावसायिक खेळाडू म्हणून मिळणारं मानधन त्यानं त्या वर्षी घेतलं नाही, हे तेव्हा छापूनही आलं होतं. आधीच्या मोसमात दुखापतीमुळे खेळता आलं नव्हतं, त्याची ही भरपाई. फैज फजल, संजय रामास्वामी अशा सलामीवीरांच्या मागे हा चाळिशीचा माणूस तिसऱ्या-चौथ्या नंबरवर शांत यायचा. ज्या ड्रेसिंगरूममध्ये फायनल कोणी पाहिलीच नव्हती, तिथे आठ फायनल पाहिलेला एक माणूस बसला होता. तो काय बोलला ते मला माहीत असायचं कारण नाही. पण स्कोअरकार्ड सांगतं की साठ वर्षं न जमलेली गोष्ट त्या संघाला लागोपाठ दोनदा जमली. आणि मार्च २०१८ ला, इराणी करंडकात, यानं शेष भारताविरुद्ध २८६ केल्या. चाळिसाव्या वर्षी!

१ जानेवारी २०१८

फायनलच्या आधी उमेश यादव दक्षिण आफ्रिकेच्या दौऱ्यावर गेलेला. त्याच्याऐवजी गोलंदाज कोण? विदर्भानं अकोल्याच्या एकोणिशीतल्या आदित्य ठाकरेला घेतलं. प्रथम श्रेणीतला त्याचा पहिलाच सामना, आणि तो थेट रणजी फायनल. दिल्लीच्या डावाच्या सुरुवातीलाच पहिला बळी त्यानं घेतला. मग गुरबाणी, जो सिव्हिल इंजिनिअर आहे हे मी हॉस्टेलवर सगळ्यांना ऐकवायचो, त्यानं हॅट्ट्रिक घेतली. रणजी फायनलमध्ये हॅट्ट्रिक घेणारा इतिहासातला दुसराच. दिल्ली २९५. विदर्भ ५४७. दिल्ली २८०. जिंकायला २९.

मी सुट्टीत घरी आलो होतो. जाफरनं कुलवंत खेजरोलियाच्या षटकात चौकार मारत सामना संपवला तेव्हा मी ओरडलो. बाबा पेपर वाचत होते. म्हणाले, "जाफर त मुंबईचा हाय. पंडितबी मुंबईचा. त्यायनं जितून देल्लं, त आपलं काय त्याच्यात?"

मी भांडलो. पण खरं सांगू? त्यांचं एका अर्थी चूक नव्हतं. अचलपूर हे असं गाव आहे की ज्याला इतिहासात फायनल हरायची सवय आहे. कधी काळी वऱ्हाडाची राजधानी, इमादशाहीचं ठाणं. डिसेंबर १८०३ ला वर डोंगरात गाविलगडावर वेलस्लीनं शेवटचा घाव घातला, किल्लेदार बेनीसिंग लढता लढता पडला. वेलस्ली पुढे ड्यूक झाला आणि नंतर वॉटर्लूही जिंकला, बेनीसिंगचं रेकॉर्ड ०-१ वर थांबलं. राजधानी गेली, जिल्हाही अमरावतीला गेला, आणि शकुंतला रेल्वेसुद्धा बंद पडली. अशा गावातल्या माणसाला कोणी म्हटलं की आपण जिंकलो, तर तो आधी विचारणारच की आपण म्हणजे कोण.

संध्याकाळी मी दादाच्या दुकानात गेलो. गिऱ्हाईक होतं, त्याला थांबवून तो मोबाइलवर त्या पोराचा स्पेल पुन्हा बघत होता. जाफरबद्दल एक शब्द नाही. मला स्क्रीन दाखवून म्हणाला, "अकोल्याचा पोट्टा हाय बे हा. अकोल्याचा!"

अचलपूरपासून अकोला नागपूरच्या निम्म्याहून जवळ आहे. बस, एवढंच. पण त्या क्षणी त्याच्या चेहऱ्यावर जे होतं, ते मी कुठल्या रकान्यात लिहू? ना मत्सर, ना हळहळ. जी फायनल त्याच्या वाट्याला आली नाही, तिच्यात त्याच्या बाजूचा एक माणूस पोचला होता. पहिल्याच सामन्यात. रेकॉर्ड १-०.

तेव्हापासून मला वाटतं, जाफरचं खरं काम हेच. त्यानं विदर्भासाठी फायनल जिंकल्या हे आहेच. पण तो आणि पंडित येऊन ज्या दारातून गेले, ते दार नंतर उघडं राहिलं. जाफर निवृत्त झाल्यावरही विदर्भ फायनल खेळला, एक हरला, एक जिंकला. ऑक्टोबर २०२५ ला इराणी करंडक जिंकला तेव्हा १४३ करणारा अथर्व तायडेही अकोल्याचाच. जून २०२५ ला बंगळुरूनं आयपीएल जिंकली, त्या फायनलमध्ये दहा चेंडूंत २४ मारणारा जितेश शर्मा आमच्या अमरावतीचा, आणि सामना सुटला फक्त सहा धावांनी. तो सामना बाबांनी शेवटपर्यंत पाहिला. जितेशनं षटकार मारला तेव्हा पेपर बाजूला ठेवला होता, हे मी फोनवर आईकडून ऐकलं. :)

सोमवारी परत कॉल आहे. क्लायंटला दहा-शून्यचा हा सगळा हिशोब सांगणार नाही, पाच मिनिटांत मावणार नाही. फक्त एवढंच विचारीन की तुमच्याकडे फायनलपर्यंत न पोचलेल्यांचं रेकॉर्ड कोणी ठेवतं का? आमच्याकडे परतवाड्यात एक जण आहे. अजून अपराजित आहे.